‘लॉरेन्स ऑफ अरेबिया’ आणि ‘एरिन ब्रॉकोविच’, दोन्हींची एडिटर एकच?

लग्नकापू_नाशिक
काल रात्री एका लग्नाच्या व्हिडिओचा एक्सपोर्ट लावला होता, म्हणजे शेवटची फाइल काढायला. साडेतीन तास दाखवत होता, म्हणून ‘एरिन ब्रॉकोविच’ बघत बसलो. एडिटरचं नाव अ‍ॅन व्ही. कोट्स. कुठेतरी वाचल्यासारखं वाटलं म्हणून शोधलं, तर हीच बाई १९६२ च्या ‘लॉरेन्स’ची एडिटर! मधे ‘द एलिफंट मॅन’, ‘इन द लाइन ऑफ फायर’, ‘आउट ऑफ साइट’. एकाचा दुसऱ्याशी काही संबंध नाही.

विचारायचं कारण असं. मी सहा वर्षं लग्नं कापतोय. मागच्या महिन्यात एका मालिकेच्या कामासाठी गेलो होतो. तिथल्या साहेबांनी दोन मिनिटं माझं काम बघितलं आणि म्हणाले, तुझा हात आता लग्नाचा झालाय. एकदा हात ‘झाला’ की झाला का? मग या बाईचा कसा नाही झाला?

पडद्यामागे
त्यांचा हात आधी नर्सचा होता :) इंग्लंडमध्ये ईस्ट ग्रिनस्टेडच्या रुग्णालयात, युद्धात भाजलेल्या वैमानिकांवर जिथे प्लास्टिक सर्जरी व्हायची तिथे. मग धार्मिक फिल्मच्या प्रिंट जोडायचं काम. जे. आर्थर रँक हे इंग्लंडमधलं सिनेमातलं बडं प्रस्थ त्यांचे काका, त्यामुळे दार उघडलं हे खरं. पण दारातून आत गेल्यावर पुढची साठेक वर्षं कोणी काकांमुळे काम देत नाही. ‘लॉरेन्स’ला ऑस्कर, शिवाय चार नामांकनं, २०१६ मध्ये मानद ऑस्कर. ‘फिफ्टी शेड्स ऑफ ग्रे’ आला २०१५ ला, तिघी एडिटर होत्या, त्यात या ८९ व्या वर्षी.

स्टीनबेकवाला
नितळ विचारलंस बाळा, म्हणून जरा लांबण लावतो. मी मुंबईत बावीस वर्षं असिस्टंट होतो. पहिली बारा फिल्मवर, उरलेली कॉम्प्युटरवर.

‘लॉरेन्स’मधली ती काडी सगळ्यांना माहीत आहे. पीटर ओ’टूल पेटती काडी डोळ्यासमोर धरतो, फुंकर मारतो आणि एकदम वाळवंटातलं क्षितिज, सूर्य अजून वर यायचाय. पटकथेत तिथे डिझॉल्व्ह होता. म्हणजे काडी विरत विरत वाळवंट उमटायचं. आता फिल्मवर डिझॉल्व्ह कसा असायचा ते तुला सांगायला हवं, कारण तू तो माऊसने ओढून टाकतोस. आमच्या टेबलावर डिझॉल्व्ह नसायचाच. वर्कप्रिंटवर, म्हणजे कापाकापीसाठीच्या कच्च्या प्रतीवर, मेणाच्या पेन्सिलीने तिरकी रेघ मारायची, की इथून इथवर. खरा डिझॉल्व्ह लॅबमधून यायचा, तोही नंतर, पैसे मोजून. तोवर मशीनवर दिसायचे ते दोन तुकडे थेट चिकटवलेले, त्यांच्यावरून पिवळी रेघ सळकन जाताना.

कोट्सबाई आणि डेव्हिड लीन यांनी ते असंच पाहिलं आणि दोघांना तो नुसता जोडच आवडला. फ्रान्समधले तरुण दिग्दर्शक तेव्हा असे थेट कट मारत होते, बाईंना ते ठाऊक होतं. लीन स्वतः जुना एडिटर, इंग्लंडमधला नावाजलेला. त्याने सांगितलं, जवळजवळ जमलंय, घेऊन जा आणि पक्कं करून आण. बाईंनी दोन फ्रेम काढल्या. सेकंदाचा बारावा भाग.

लोक म्हणतात नशीब. मी म्हणतो, पेन्सिलीची रेघ आम्ही रोज बघायचो, दिवसाला वीस वेळा. फिल्मवरच्या बारा वर्षांत एकदाही मला वाटलं नाही की रेघ पुसून टाकावी. कागदावर काय ठरलंय ते विसरून समोर काय दिसतंय ते बघणं, बाईंचा हात ‘झाला’ तो तिथे.

त्याच सिनेमात उलटंही आहे. विहिरीजवळ ओमर शरीफ येतो तेव्हा लांबवर एक ठिपका थरथरतोय, आणि कट लवकर येतच नाही. हात शिवशिवतो, इतका वेळ.

दुपारचा_शो
‘आउट ऑफ साइट’ राहिलाच की! क्लूनी आणि जेनिफर लोपेझ हॉटेलच्या बारमध्ये बोलतायत, काचेबाहेर बर्फ. बोलणं चालू असतानाच मधे मधे ते खोलीत पोचलेले, कपडे उतरवतायत. आवाज बारमधला, चित्र खोलीतलं. मधेच फ्रेम गोठते. बाई तेव्हा सत्तरी ओलांडलेल्या. आणि ‘अनफेथफुल’मध्ये डायन लेन ट्रेनने घरी परत येते तो भाग: चेहरा हसतो, लाजतो, रडवेला होतो, आणि त्यातच प्रियकराबरोबरच्या दुपारचे तुकडे. एक संवाद नाही. काका, हे मात्र नुसतं ‘समोर दिसतंय ते बघणं’ नाही हं. इथे तुकडे विस्कटून नव्याने लावलेत.

स्टीनबेकवाला
मान्य. पण लेनबाईंच्या चेहऱ्यावर ते सगळं नसतं तर लावणार काय? लग्नकापू, आता एक कर. पुढच्या लग्नातले सगळे डिझॉल्व्ह काढ आणि एकदा नुसतं बघ. द्यायचं नाही कोणाला, फक्त बघायचं.

लग्नकापू_नाशिक
काका, केलं. एकूण २१४ डिझॉल्व्ह निघाले, मलाच लाज वाटली. बरेचसे परत टाकावे लागले, कारण शॉटच वाईट होते आणि मी ते झाकत होतो. पण एक जागा सापडली. हळद लावताना आजी नवरीच्या गालावरून हात फिरवते, हात गालावर आहे तोवरच कट, आणि थेट पाठवणीची गाडी सुरू होते. मधला डिझॉल्व्ह गेला तर माझ्याच पोटात गलबललं. तीन फ्रेम कमी केल्या. मग एक परत घातली.

दिलं तसंच. नवरीच्या मावशीचा फोन आला, म्हणाल्या व्हिडिओ मधेच अडकतोय, पेनड्राइव्ह खराब आहे का.

दुपारचा_शो
😂 आणि आजी काय म्हणाली?

लग्नकापू_नाशिक
आजींनी म्हणे तेवढंच तीनदा लावायला सांगितलं. पण त्यात आजीच आहे ना, त्यामुळे ते मोजत नाही मी.