२० वर्षं की ३० वर्षं? होम लोन शेवटी नक्की केवढ्याला पडतं?

घरघर_लागली:
नमस्कार मंडळी, बरेच दिवस वाचनमात्र होते, आज पहिल्यांदाच धागा काढतेय तेव्हा सांभाळून घ्या. आम्ही दोघं घर घेतोय, घर पक्कं झालंय, आता लोनचा घोळ चाललाय. दर ८.५ टक्के, फ्लोटिंग, म्हणजे मधेच वरखाली होऊ शकणारा. लोनवाला माणूस म्हणतो मॅडम ३० वर्षं घ्या, हप्ता हलका बसतो, उगाच २० वर्षांचं टेन्शन कशाला. टेन्शन २० वर्षांचं जास्त की ३० वर्षांचं हे त्याला विचारायचं होतं पण राहूनच गेलं.

घरी येऊन एक्सेलमधे पीएमटी (हप्ता काढायचं सूत्र) लावून बघितलं. लाखामागेच सांगते म्हणजे ज्याला त्याला आपापल्या लोनने गुणता येईल. २० वर्षांना लाखामागे हप्ता ८६८ आणि ३० वर्षांना ७६९. म्हणजे १० वर्षं जादा बांधून घेऊन महिन्याला सुटतात किती, तर ९९! आणि एकूण भरायचे २० वर्षांत २ लाख ८ हजार, ३० वर्षांत २ लाख ७७ हजार. घेतला एक लाख बरं का. तीनदा तपासलं, मला वाटलं माझंच काहीतरी चुकतंय.

नवरा म्हणतो अशी बेरीज करायचीच नसते, महागाई वगैरे. मला ते पटतही नाही आणि खोडूनही काढता येत नाही. तर प्रश्न असा की घर आपल्याला खरंच केवढ्याला पडणार हे मोजायचं कसं? आणि या एक्सेलमधे न दिसणारं अजून काय काय असतं?

मुद्दल_कुठंय:
ताई तुमचं काही चुकलेलं नाही, आकडे बरोबर आहेत. मला हा शोध पाच वर्षं हप्ते भरून झाल्यावर लागला म्हणून लिहितोय. आमचंही २० वर्षांचं, दर ८.५ च. मी खुशीत, म्हटलं पाव मुदत संपली म्हणजे पाव लोन गेलं असेल. स्टेटमेंट काढलं. लाखामागे ५२ हजार भरले होते आणि मुद्दल कमी झालं होतं १२ हजाराच्या आत. ८८ हजार शिल्लक. मी तो कागद हातात घेऊन दोन मिनिटं नुसता बसून होतो, बायको विचारतेय काय झालं, सांगू काय तिला.

यात कोणी लबाडी केलेली नसते, ही गोष्ट आधी डोक्यात बसवा म्हणजे राग येणार नाही. व्याज शिल्लक मुद्दलावर लागतं, पहिल्या महिन्यात शिल्लक अख्खा लाख, त्यावर ८.५ टक्क्याने महिन्याचं व्याज ७०८. तुमचा हप्ता ८६८, उरले १६०, तेवढंच मुद्दलातून वजा. पुढच्या महिन्यात व्याज एखाद्या रुपड्याने कमी, मुद्दलात तेवढंच जास्त, असं मुंगीच्या पावलाने सरकत जातं. २० वर्षांच्या लोनमधे निम्मं मुद्दल फिटायला साधारण १३ वर्षं १० महिने लागतात, उरलेलं निम्मं मग सव्वासहा वर्षांत जातं.

आता हेच ३० वर्षांना लावून बघा. हप्ता ७६९, व्याज तेच ७०८ कारण मुद्दल तेच दर तोच. मुद्दलात जातात ६१. लोनवाल्याचा 'हलका' म्हणजे हा, जे ९९ कमी केले ते सगळेच्या सगळे मुद्दलातून कमी केले, व्याजाला हातही लावलेला नाही.

घरघर_लागली:
बापरे. ६१?? हे असं मी बघितलंच नव्हतं, मी नुसती बेरीज करत बसले.

फ्लोटिंगचा_मार:
वरचं सगळं दर हलला नाही असं धरून आहे. आमचा हलला. खरं तर टप्प्याटप्प्याने वाढत गेला पण सोपं करून सांगतो. समजा ७ टक्क्याने २० वर्षांचं घेतलं, लाखामागे हप्ता ७७५. दोन वर्षं भरले, शिल्लक ९५ हजार, मुदत उरली १८ वर्षं. आता दर ९ टक्के झाला. हप्ता बदलला नाही. तुम्हाला वाटतं वाचलो. पण त्याच ७७५ मधे ते लोन फिटायला आता १८ नाही, २८ वर्षं लागतात. मधली दहा वर्षं कुठून आली? तर एका मेसेजमधून आली, जो मी ऑफर-बिफर असेल म्हणून न वाचता उडवला होता.

हप्ता तोच राहिला की माणसाला काही कळतच नाही हो, खात्यातून जातात तेवढेच पैसे, घरात कोणाला फरक जाणवत नाही. मुदत १८ च ठेवायची असती तर हप्ता ७७५ चा ८९० करून घ्यावा लागला असता. टोचलं असतं पण निदान कळलं तरी असतं. म्हणून माझं म्हणणं, दर वाढला की त्याच आठवड्यात जाऊन विचारा आता मुदत किती झाली. हप्त्याचं विचारू नका, मुदतीचं विचारा. दर अजून वर गेला तर हप्ता व्याजालाच पुरत नाही अशीही वेळ येऊ शकते, म्हणजे दरमहा इमानेइतबारे भरताय आणि मुद्दल कमी व्हायच्या ऐवजी वाढतंय.

अमेरिकेत ३० वर्षं एकच दर फिक्स मिळतो, तिथे हा मार बसत नाही. कॅनडात फिक्स म्हटलं तरी बऱ्याचदा पाच-पाच वर्षांपुरता असतो. तेव्हा 'फिक्स' शब्द ऐकून हुरळू नका, कधीपर्यंत फिक्स ते लिहून घ्या.

आजचा_भाव:
इथे मी तुमच्या नवऱ्याच्या बाजूने. शिव्या घाला चालेल.

२ लाख ७७ हजार ही बेरीजच मुळात चुकीची आहे कारण त्यात आजचे पैसे आणि ३० वर्षांनंतरचे पैसे एकाच भावाने मोजलेत. महागाई ५ टक्के धरा, मग २० वर्षांनंतर भरायच्या ८६८ ची किंमत आजच्या हिशोबाने ३२७ होते. हप्ता तोच राहतो, पगार बहुतेकांचा तोच राहत नाही. आज जो हप्ता नाकीनऊ आणतो तो १५ वर्षांनी आठवतसुद्धा नाही. त्यामुळे 'एका घराच्या पैशात बँकेला तीन घरं दिली' वगैरे फॉरवर्ड येतात ना ते अर्धवट गणित असतं.

दुसरं म्हणजे मुदत ही फक्त कमीत कमी किती भरायचं याचं बंधन असते. ३० वर्षांचं लोन घेऊन दरमहा ८६८ भरलेत तर ते बरोब्बर २० वर्षांतच फिटतं, दर तोच असेल तर. आणि मधे कुणाची नोकरी गेली, आजारपण आलं तर ७६९ वर येता येतं. २० वर्षांचं घेतलंत तर ही सोय नाही. जादा भरण्यावर दंड नाही एवढं फक्त करारात बघून घ्या. मी तरी ३० च घेईन.

मुद्दल_कुठंय:
गणित मान्य, माणूस मान्य नाही. ते ९९ दर महिन्याला आठवणीने कोण भरणार? पहिले तीन महिने भरतील, मग फर्निचर येईल, मग फ्रिज येईल.

आजचा_भाव:
@मुद्दल_कुठंय ऑटो डेबिट लावायचं की. पण बरं, मुद्दा पोचला.

घरघर_लागली:
प्रामाणिकपणे सांगू का, आम्ही नाही भरणार. आमचं जिमचं ऑटो डेबिटसुद्धा दुसऱ्या महिन्यात बंद झालं होतं.

हिशेबवही:
तुमचा दुसरा प्रश्न कोणीच घेतला नाही, एक्सेलमधे न दिसणारं काय असतं. मी बरीच वर्षं लोकांची लोनची कागदपत्रं बघून दिलीयेत (धंदा नाही, ओळखीपाळखीत), त्यावरून सांगते.

सगळ्यात आधी ते इन्शुरन्स बघा. लोनबरोबर गळ्यात मारतात, आणि 'आत्ता काही भरायचं नाही मॅडम, लोनमधेच ॲड करतो' म्हणतात. समजा लाखामागे २ हजाराचा प्रीमियम लोनमधे घातला. तो आता २ हजार राहिला नाही, त्यावर २० वर्षं ८.५ ने व्याज, हप्त्याहप्त्याने तो ४ हजार १६५ च्या आसपास जातो. विमा घ्यायला माझी ना नाही, घरात कमावतं माणूस गेलं तर लोन कोण फेडणार, पण बाहेरून वेगळा घेऊन तुलना तरी करा, आणि प्रीमियम खिशातून भरा. हाच नियम प्रोसेसिंग फी, व्हॅल्युएशन, वकिलाची फी सगळ्याला. जे जे लोनमधे जातं ते ते दुपटीने बाहेर येतं.

फी मुळे दर पण बदलतो, कागदावर नाही पण प्रत्यक्षात. लाखाला एक हजार फी आधीच कापून घेतली तर हातात आले ९९ हजार आणि हप्ता मात्र लाखाचा. मग तुमचा ८.५ हा खरा ८.६४ झाला. आणि पाच वर्षांत घर विकून लोन बंद केलंत तर तीच फी पाचच वर्षांवर पसरते, दर जातो ८.७५ च्या वर. व्याज आणि बऱ्याचशा फी धरून असा एकच दर सांगायची सक्ती अमेरिकेत १९६८ च्या ट्रूथ इन लेंडिंग कायद्याने आली, एपीआर म्हणतात तो हाच. दोन ठिकाणची ऑफर ताडून बघायची तर दोघांकडे एपीआर मागा, आणि कुठल्या फी धरल्यात तेही विचारा, नाहीतर एक जण सगळ्या धरतो आणि दुसरा निम्म्याच.

आणि लोन सोडून घराचं म्हणून असतंच, मेंटेनन्स, टॅक्स, गळती, रंग. हे भाड्याच्या घरात मालकाच्या डोक्यावर असतं म्हणून आपल्याला माहीतच नसतं.

घरघर_लागली:
थांबा थांबा, विमा खरंच लोनमधे ॲड केलेला आहे ऑफर लेटरमधे! आत्ता उघडून बघितलं. मी ती मंजूर रक्कम आमची समजत होते.

अजून एक विचारते, माझी मैत्रीण म्हणते काळजी कशाला, पाच वर्षांनी कमी दरवाल्याकडे लोन ट्रान्सफर करायचं. तिने केलंय, हप्ता बराच कमी झाला म्हणते.

हिशेबवही:
मैत्रिणीला मुदत विचारा, मग बोलू.

तुमचंच उदाहरण घेऊ. पाच वर्षांनी शिल्लक ८८ हजार १२७, उरलेले १८० हप्ते, म्हणजे अजून १ लाख ५६ हजार भरायचे. नवीन ठिकाणी ८ टक्क्याने मिळालं पण त्यांनी पुन्हा २० वर्षं लावली. हप्ता ८६८ चा झाला ७३७, मैत्रीण खूष. भरायचे किती? १ लाख ७७ हजार. दर कमी झाला आणि २० हजाराहून जास्त वाढले, वर फी वेगळीच. तेच दर ८ घेऊन उरलेली १५ वर्षंच ठेवली असती तर हप्ता ८४२ आणि एकूण साधारण १ लाख ५१ हजार ६००. वाचले साडेचार हजार. त्यातून ट्रान्सफरची फी वजा करा मग काय उरतं ते बघा. सगळ्यात बरं म्हणजे दर कमी करून घ्यायचा आणि हप्ता मात्र जुनाच ८६८ चालू ठेवायचा, दहा महिने आधी सुटका होते.

फ्लोटिंगचा_मार:
+१. आणि पहिल्यांदा आपल्याच बँकेत जाऊन दर कमी करा म्हणून मागायचं. मला आधी नाही म्हणाले, दुसरीकडचं ऑफर लेटर टेबलावर ठेवल्यावर त्यांना अचानक स्कीम आठवली.

आजचा_भाव:
बरं मी पण थोडा नरमतो. २० घेताय तर निदान सुरुवातीच्या वर्षांत जे हाताशी येईल ते टाका. पहिल्या वर्षाच्या शेवटी लाखामागे १० हजार जादा भरलेत तर चार वर्षांचे हप्ते उडतात, व्याज वाचतं ३२ हजाराच्या घरात. तेच १० हजार पंधराव्या वर्षाच्या शेवटी भरले तर १६-१७ हप्ते जातात आणि वाचतात साडेचार हजारसुद्धा नाही. रोज बोंबलणारे लोक नेमके शेवटी शेवटी लोन फेडायला धावतात, रिटायरमेंटचे पैसे घालतात, तेव्हा त्यात फारसं व्याज उरलेलंच नसतं. आणि एकरकमी जमत नसेल तर वर्षाला एक हप्ता जास्त, २० वर्षांचं साधारण १६ वर्षं ८ महिन्यांत संपतं.

पण हातातली सगळी शिल्लक ओतू नका हं. सहा महिन्यांचा खर्च बाजूला ठेवून मग. मुद्दलात गेलेला पैसा अडचणीला परत मागता येत नाही बहुतेक ठिकाणी.

घरघर_लागली:
मंडळी अपडेट. आज लोनवाल्याकडे पूर्ण शेड्यूल मागितलं, हप्ता, व्याज, मुद्दल, शिल्लक, सगळे ३६० महिने. तो म्हणाला असं कोणी मागत नाही मॅडम. मी म्हटलं मी मागतेय. दिलं. पहिल्या ओळीत व्याज ७०८ मुद्दल ६१, अगदी इथे लिहिलंय तसंच. नवऱ्याने ती ओळ बघितली आणि महागाईचं काही बोलला नाही, नुसतं स्क्रोल करत राहिला की व्याजापेक्षा मुद्दल जास्त कधी होतं. २६३ व्या हप्त्याला. बावीस वर्षं होत आल्यावर!!

२० च घेतोय. विमा वेगळा. हप्ता जड आहे, पहिली दोन वर्षं फिरायला जाणं वगैरे विसरायचं असं ठरलंय, बघू.

मुद्दल_कुठंय:
छान केलंत. एकच, जेव्हा केव्हा जादा पैसे भराल तेव्हा फॉर्मवर 'मुदत कमी करा' असं स्वतःच्या हाताने लिहा आणि शिक्का मारलेली कॉपी घ्या. आमच्याकडे काही न विचारता हप्ता कमी करून टाकला होता, ते निस्तरायला मला तीन चकरा पडल्या.

घरघर_लागली:
लिहून ठेवलं. तीन चकरा का पण, एका मेलवर होत नाही?

मुद्दल_कुठंय:
मेलला उत्तर आलं होतं, 'आपण आमचे मोलाचे ग्राहक आहात.'