शब्दचर्चा: 'अर्बन रिन्यूअल'ला 'पुनर्विकास' म्हणावं का? (डेट्रॉइटचं ब्लॅक बॉटम)

प्रश्न: डेट्रॉइटच्या इतिहासावर मराठीत लिहितेय. 'अर्बन रिन्यूअल', म्हणजे जुने भाग पाडून शहर नव्याने उभारायची सरकारी योजना, यासाठी 'पुनर्विकास' चालेल का? आणि त्यात पाडल्या गेलेल्या 'ब्लॅक बॉटम' या वस्तीचं नाव तिथल्या कृष्णवर्णीय लोकांवरूनच पडलं ना?

उत्तर: नाव मातीवरून पडलंय, फ्रेंच शेतकऱ्यांच्या काळातलं, सखल जमीन आणि काळी कसदार माती म्हणून. दक्षिणेतली कृष्णवर्णीय कुटुंबं कारखान्यांत कामाला यायला लागली ती फार नंतर, म्हणून भाषांतर न करता तसंच ठेवा.

'पुनर्विकास' मात्र अजिबात नको. आपल्याकडे चाळीचा पुनर्विकास म्हटलं की रहिवाशाला तिथंच नवी खोली मिळणार, निदान तसा करार तरी असतो. इथे तसं काहीच नव्हतं. 1949 च्या हाउसिंग ॲक्टनंतर (अमेरिकेचा घरबांधणी कायदा) सरकारी पैशातून घरं पाडली, जमीन कित्येक वर्षं रानगवत वाढून पडली, आणि मग तिथे लाफायेट पार्कच्या इमारती आल्या, ज्यांचं भाडं जुन्या लोकांना झेपणारं नव्हतं. शहरात इतरत्र कृष्णवर्णीयांना घर मिळणंही मुश्कील, मग जाणार कुठे ही माणसं?

प्रश्न: मग 'वस्ती उठवली' म्हणू? पण त्याने झोपडपट्टी वाटेल.

उत्तर: बरोबर, आणि सरकारी कागदांत 'स्लम' म्हणूनच तर पाडापाडी झाली. घरं जुनी, दाटीची होती हे खरं, पण तिथला मुख्य रस्ता हेस्टिंग्ज स्ट्रीट म्हणजे भरलेली पेठ होती हो! दवाखाने, औषधांची दुकानं, सलून, हॉटेलं, आणि वरच्या अंगाला शेजारच्या पॅराडाइज व्हॅली भागातले क्लब, जिथे ड्यूक एलिंग्टन, काउंट बेसी यांच्यासारखे जॅझ वादक येऊन वाजवायचे. जो व्हॉन बॅटल यांचं रेकॉर्डचं दुकान याच रस्त्यावर, त्यांनीच रेव्हरंड सी. एल. फ्रँकलिन यांची प्रवचनं आणि त्यांच्या शाळकरी मुलीचं, म्हणजे पुढे प्रसिद्ध गायिका झालेल्या अरिथाचं गाणं रेकॉर्ड केलं. पुढे ख्रायस्लर फ्रीवेसाठी रस्ताच खोदून काढला, आता तिथून गाड्या धावतात. व्हॉन बॅटल यांनी दुकान ट्वेल्फ्थ स्ट्रीटला हलवलं, ते 1967 च्या दंगलीत गेलं.

म्हणून मी 'पेठ उठवली' लिहीन. पेठ वसवतात तशी उठवतातही, आणि उठवणारा कुणीतरी असतो हे त्या क्रियापदात आपोआप येतं. कायद्याचा, योजनेचा उल्लेख असेल तिथे 'अर्बन रिन्यूअल' अवतरणात ठेवा.