कोजागिरीला गच्चीवर मूकपट दाखवायचे आहेत: पाट्या आणि वेग याबाबत मदत हवी आहे

यंदा कोजागिरीला सोसायटीच्या गच्चीवर भेंड्यांऐवजी घरगुती विनोदाचे जुने मूक लघुपट दाखवायचं घाटतंय. दूध आटेपर्यंत पाऊण तास मिळेल. तीन निवडलेत.

सुरुवातीला ब्रिटिश दिग्दर्शक जी. ए. स्मिथचा 'मेरी जेन्स मिसहॅप' (१९०३), जेमतेम चार मिनिटांचा. चूल पेटेना म्हणून मोलकरीण रॉकेल ओतते आणि धुराड्यातून थेट आभाळात! पुढे तिचं भूत रॉकेलचा डबा शोधत परत येतं. मोलकरणीचं काम स्मिथच्या बायकोने, लॉरा बेलीने, केलंय. बाई कॅमेऱ्यात बघून बिनधास्त डोळा मारते. स्टोव्हवर हयात काढलेल्या आज्यांना हे समजावून सांगायला नको.

शेवटी बस्टर कीटनचा 'वन वीक' (१९२०). नवं जोडपं, सुट्या भागांतून उभारायचं घर, आणि पेट्यांवरचे आकडे बदलून ठेवणारा जळकुटा प्रतिस्पर्धी. तेही बघता बघता कळतं.

अडलंय मधल्यापाशी. व्हायटाग्राफ कंपनीचा 'अ क्युअर फॉर पोकरायटिस' (१९१२), त्यात नवरा-बायको जॉन बनी आणि फ्लोरा फिंच. नवरा जुगार सोडल्याची शपथ घेतो आणि मंडळाच्या बैठकीची थाप मारून पुन्हा पत्ते कुटायला जातो. झोपेत बरळतो, बायकोला संशय येतो. मग तिच्या नात्यातल्या एका भावाची बायबल अभ्यासाची मंडळी पोलिसांचे कपडे चढवून अड्ड्यावर धाड घालतात. धमाल आहे, पण शपथ आणि थाप कळली नाही तर धाडीत काय मजा? आणि इंग्रजी पाट्या, म्हणजे दृश्यांच्या मधे पडद्यावर येणारा मजकूर, वाचणारे आमच्यात निम्मेच.

मराठी सबटायटल टाकून पाहिली. इंग्रजी पाटीखाली मराठी ओळ, गिचमिड दिसते. त्यापेक्षा इंग्रजी पाट्या काढून तेवढ्याच लांबीच्या मराठी पाट्या घालाव्यात का? फुकट सॉफ्टवेअरमध्ये कुणी केलंय? की सरळ कुणीतरी शेजारी उभं राहून सांगत जावं? आपल्याकडेही मूकपटाच्या काळात असे सांगणारे असायचेच, जोडीला पेटी-तबला. पेटीवाले काका आमच्याकडे तयारच आहेत, त्यांना आवरणं हाच प्रश्न.

दुसरं म्हणजे वेग. १९०३च्या फाइलीत सगळे पिसाळल्यासारखे पळतात. हे सेकंदाला १६-१८ चौकटींनी (फ्रेम्सनी) चित्रित झालेलं असतं आणि २४-२५ने चालवलं की असं होतं, एवढं कळलंय. व्हीएलसी प्लेअरमध्ये वेग ०.७ केला तर प्रोजेक्टरवर चित्र अडखळेल का?

आणि हो, पडदा चंद्राकडे पाठ करून लावला तर पुरेसा अंधार मिळतो का? गच्चीवर दाखवलेल्यांनी सांगा.