धनुष्कोडीवरच्या लघुपटात माणसं नकोतच

वाळूचित्र:
तामिळनाडूत रामेश्वरमजवळच्या धनुष्कोडीवर लघुपट करायचा तर त्यात एकही माणूस दिसू नये, असं माझं ठाम मत आहे. २२ डिसेंबर १९६४च्या रात्री चक्रीवादळ आलं, पांबनहून निघालेली पॅसेंजर गाडी प्रवाशांसकट लाटांनी ओढून नेली, आणि पुढे सरकारने गाव राहण्यास अयोग्य ठरवलं. आज चर्चच्या भिंती आहेत, वर छप्पर नाही. कॅमेरा तिथे हलू नये. निवेदन नको, पार्श्वसंगीत नको. वारा आणि समुद्र पुरेसे आहेत.

खारवट:
पूर्ण असहमत. अयोग्य ठरवलेल्या त्याच जागेवर मच्छीमार कुटुंबं झोपड्या बांधून राहतात. वाळूत खड्डे खणून गोडं पाणी काढतात, पर्यटकांना शंखशिंपले विकतात. २०१७ साली अरिचल मुनै या अगदी टोकापर्यंत पक्का रस्ता झाला, आता तिथे गाड्या येतात. एवढं सगळं फ्रेमबाहेर ढकलून जो ओसाडपणा मिळेल, तो खोटा. आधीच ‘भुताचं गाव’ म्हणून व्हिडिओंचा सुकाळ आहे, त्यात आणखी एकाची भर कशाला?

वाळूचित्र:
भुताटकीचा मलाही तिटकारा आहे. पण मला माहितीपट करायचा नाहीये. इतकी माणसं एका रात्रीत गेली. ती पोकळी पडद्यावर जाणवायला हवी. फ्रेममध्ये कुणी आलं की नजर त्याच्याकडेच जाते.

चेन्नईकर:
मला तिसरीच अडचण दिसते. वादळाआधी चेन्नईच्या एग्मोर स्टेशनहून सुटणारी बोट मेल ही रेल्वेगाडी धनुष्कोडीला यायची, तिथून बोटीने श्रीलंकेतलं तलैमन्नार आणि पुढे पुन्हा रेल्वेने कोलंबो. स्टेशन, कस्टम्स, पोस्ट, सगळं असलेलं वर्दळीचं बंदर होतं ते. हे ठाऊक नसलेल्या प्रेक्षकाला त्या भिंती नुसत्या देखण्या वाटतील, आणि मला त्याचाच राग येतो. वादळातून वाचलेल्या एखाद्या म्हाताऱ्या माणसाचा आवाज तरी घ्या. तमिळमध्येच, खाली मराठी अक्षरं.

खारवट:
आवाज घ्याच. पण आज तिथे राहणाऱ्यांचं काय? पाणी भरणाऱ्या बाईचा एक तरी शॉट हवा.

वाळूचित्र:
आवाजाचा विचार करेन. पाण्याचा खड्डा दाखवेन, बाई नाही.

खारवट:
मग तो खड्डा कुणी खणला, हे प्रेक्षकाला कळणार कसं?