मे महिन्यातलं अंगणातलं लग्न : नवरदेवाच्या भावांसाठी आणि मित्रांसाठी कपडे सुचवा

नमस्कार मंडळी,

माझ्या धाकट्या भावाचं लग्न मेच्या दुसऱ्या आठवड्यात आहे, गुहागरजवळ आमच्या घरीच. हॉल नाही, एसी नाही. अंगणात झावळ्यांचा मांडव, मागे पोफळी आणि मुहूर्त सकाळी ११ वाजून ४० मिनिटांचा. मुलीकडच्यांनीच हौसेने 'तुमच्या वाडीत करू' म्हटलं, त्यामुळे घरात सगळे फार खूश आहेत. घोडं अडलंय ते आठ जणांच्या कपड्यांवर.

दोन चुलतभाऊ, एक आतेभाऊ, एक मामेभाऊ, माझा नवरा आणि भावाचे तीन कॉलेजमित्र. हे आठही जण एकसारखे दिसावेत अशी भावाची मनापासून इच्छा आहे. होणाऱ्या भावजयीने फोटो पाठवलेत, कुर्ता आणि वर बंद गळ्याची बंडी. दिसतं सुरेखच, पण ते फोटो थंडीतल्या संध्याकाळचे आहेत.

मला बंडीची धास्ती वाटते. दोन वर्षांपूर्वी नात्यातल्याच एका लग्नात, तेही मेमध्ये आणि अंगणातच, सगळ्या मुलांसाठी ऑनलाइन सेट मागवले होते. 'सिल्क' म्हणून आलेलं कापड पॉलिएस्टर निघालं. मंगलाष्टकं संपेस्तोवर बंडीचा मरून रंग घामाने सुटून मोतिया कुर्त्यावर काखेखाली उतरला होता. होमाच्या धगीजवळ बसलेल्या काकांना तर घेरी आली. पडवीत आणून त्यांची बंडी काढली, तेव्हा आतलं अस्तर कुर्त्याला आणि कुर्ता पाठीला असा चिकटला होता की दोघांनी धरून सोडवावा लागला. आमच्याकडे पारा ३३-३४ च्या पुढे फारसा जात नाही, पण हवा इतकी दमट की घाम वाळतच नाही. त्या दिवशी काकांचा पांढराफटक चेहरा पाहिल्यापासून मी फोटोसाठी कुणाला शिजवायला तयार नाही.

शिवाय ही मुलं नुसती मिरवणार नाहीत. पंगत घरची आहे, वाढायला हीच. मठ्ठ्याची बादली घेऊन वाकलं की लांब बाही हमखास आत बुडते. त्यामुळे बाही कोपरापर्यंत दुमडून पट्टीने बटणाला अडकवता येईल अशीच हवी.

मी मनाशी मंगळगिरी सुती कापड धरलंय. अंगाला हलकं, घाम टिपतं आणि जरीच्या बारीक काठामुळे लग्नातलंही वाटतं. लिननचाही विचार केला होता, पण ते बसल्या बसल्या चुरगळतं आणि आठ जणांचं बजेटही कोलमडतं. कापड आणि शिलाई मिळून माणशी २००० च्या आत बसवायचंय. नवरी आधी पिवळी अष्टपुत्री नेसणार, मग हिरवा शालू. भाऊ पांढऱ्या धोतर-उपरण्यात. मला मुलांसाठी अबोली आवडला होता, मित्रांनी एकमुखाने नाही म्हटलं. आता आकाशी की मोतिया यावर गाडी थांबलीय.

तर मला विचारायचंय ते असं. बंडीऐवजी असं काय करता येईल की भावजयीचा हिरमोड होणार नाही? रंग कोणता घ्यावा? आणि खाली पायजमा की पँट? आमची माती तांबडी आहे, पांढरा पायजमा दहा मिनिटांत घोट्यापाशी लाल होतो.

---

ताई, आमच्या घरात शिवणकाम आहे म्हणून सांगते. बंडीचा उकाडा वरच्या कापडापेक्षा आतल्या अस्तराने आणि कॅनव्हासने होतो. ते काढलं तर बंडी अंगावर नीट बसत नाही. त्यापेक्षा कुर्त्याच्या कॉलरला आणि पुढच्या बटणपट्टीला खणाचं कापड लावा, आमसुली किंवा गडद हिरवं. आठही जण एका घरचे दिसतात आणि छातीवर दुसरा थर येत नाही. पण खण आधी ओल्या पांढऱ्या रुमालाने घासून बघा. रुमालाला रंग लागला तर तो घेऊ नका. ४४ इंच पन्ह्याचं कापड माणशी पावणेतीन ते तीन मीटर धरा आणि बेतण्याआधी रात्रभर पाण्यात भिजवून वाळवा. सुती कापड आटतं. आमच्याकडे एकदा हे राहिलं आणि पहिल्या धुण्यानंतर बाह्या मनगटाच्या वर आल्या.

---

आकाशी अजिबात नको. आकाशी आणि राखाडी या दोन रंगांवर घामाचे डाग सगळ्यात जास्त उठून दिसतात. मोतिया घ्या, मात्र आत बिनबाह्यांचा पांढरा सुती गंजीफ्रॉक हवाच, नाहीतर भिजल्यावर आरपार दिसतं. खाली मातकट रंगाची सुती पँट, घोट्याच्या जरा वर. कोल्हापुरी घेणार असाल तर आत्ताच घ्या आणि मुलांना रोज थोडा वेळ घालायला लावा. तेल लावून मऊ झाल्याशिवाय नवी कोल्हापुरी अंगठ्यापाशी लागते आणि पंगतीत वाढायचं म्हणजे दोन तास पायावर उभं राहणं आलं.

---

दोघांचेही मनापासून आभार. सुचवल्याप्रमाणे मोतिया मंगळगिरीचा एकच कुर्ता आधी शिवून घेतला, कॉलरला आमसुली खण. रुमालाची परीक्षा पास. रविवारी चुलतभावाने तो घालून भर दुपारी कलमांवरचे आंबे उतरवले. पाठ भिजली होती, पण वाऱ्याला बसल्यावर कापड पाठीपासून आपोआप सुटलं. त्याचा तिथलाच फोटो भावजयीला पाठवला. तिचं उत्तर आलं, "बंडी नको, हाच करा. आणि माझ्या भावालाही एक शिवा, तो कान पिळायला येणार आहे."

म्हणजे आता नऊ कुर्ते. शनिवारी मापं. आतेभाऊ दुबईहून लग्नाच्या चार दिवस आधीच पोचतोय, त्याचं माप त्याच्या नीट बसणाऱ्या जुन्या कुर्त्यावरून घेतलं तर चालेल ना? की शिवणीत जास्तीचं कापड ठेवायला सांगू?