लघुपट: पाहुण्यांसमोर सिलिंडर उचलायचा प्रसंग, हसू चुकीच्या जागी पडतंय

शहापूर_गल्ली:
बेळगाव जिल्ह्यातल्या खानापूरकडच्या कौलारू घरात ८ मिनिटांचा विनोदी लघुपट करतोय. मुलीकडचे मुलगा बघायला आलेत, तेवढ्यात गॅस संपतो. सगळे म्हणतात, "गडी माणूस हाईस, उचल की गा सिलिंडर!" मुलाच्या पाठीत उसण भरलीय, पण बोलायची सोय नाही. पटकथा १२ पानांवर गेलीय. वाचनात लोक मुलाच्या अशक्तपणाला हसतात. आम्हाला त्या अपेक्षेचं हसं करायचंय. काय बदलावं?

निपाणी_एडिटर:
एक पान म्हणजे साधारण एक मिनिट. चार पानं जादा आहेत. पोह्यांचं सगळं कापा, गॅस संपतो तिथंच सुरू करा.

खरी अडचण अशी की फर्मावणाऱ्यांना स्वतःला काहीच करून दाखवावं लागत नाही. मामा, सासरा, आतेभाऊ, प्रत्येकानं "आम्ही दोन-दोन उचलायचो" म्हणावं आणि पाळी आली की कारण काढावं: एकाचा गुडघा, दुसऱ्याची इस्त्रीची पँट. मुलगा गप्प. शेवटी आजीनं सिलिंडर तिरका करून खालच्या कड्यावर फिरवत आत न्यावा, घरोघरी नेतात तसा. तिला संवाद नको; बोलली की भाषण झालं. आणि मुलाला बायकी चाल, साडी असले हुकमी हशे देऊ नका, सगळा रोख उलटा त्याच्यावरच येतो.

टिळकवाडी_कॅमेरा:
आजीचा शेवट पटला. भरलेल्या सिलिंडरमध्ये १४.२ किलो गॅस, वर लोखंडाचे पंधरा-सोळा. एकूण तीसेक किलो. शूटिंगला रिकामाच घ्या. पण नट तो सहज उचलतो आणि खोटं दिसतं. वजन दंडात दाखवू नका, गुडघे वाकण्यात आणि श्वास रोखण्यात दाखवा. रिकामा फरशीवर टेकला की घणघणतो, म्हणून फ्रेमबाहेर खाली गोणपाट घाला.

चारही पुरुष एकाच रुंद फ्रेममध्ये ठेवा, मध्ये कट नको. नजर चुकवणं तिथंच दिसतं. ट्यूबलाइट असेल तर सेकंदाला २५ फ्रेम, शटर १/५० सेकंद. फोन ऑटोवर राहिला की ३० फ्रेम होतात, चित्रावर ट्यूबच्या लुकलुकण्याचे पट्टे सरकतात. पावसाळ्यात कौलांखाली संवाद रेकॉर्ड करायच्या भानगडीत पडू नका.

चिक्कोडी_सबटायटल:
कन्नड सबटायटल द्याच. दोन ओळींपेक्षा जास्त नको. मामाची बढाई आणि त्याची सबब एकाच पट्टीत टाकू नका, वाचणारा आधीच हसून मोकळा होतो. सबबीची पट्टी त्यानं तोंड उघडल्यावरच येऊ दे.