बयानी: फिलिपिनो मुलाच्या नावाचा अर्थ?

नाशिकरोडकर: फिलिपिन्सच्या सहकाऱ्याच्या बाळाचं नाव बयानी. अर्थ काय? भेटकार्डावर देवनागरीत कसं लिहू?

इर्जिक: टागालोग या तिथल्या भाषेत बयानी म्हणजे वीर. ऑगस्टचा शेवटचा सोमवार तिथे राष्ट्रीय वीर दिन असतो. याच शब्दावरून 'बयानिहान': गावाने मिळून केलेलं काम, अगदी बांबूचं अख्खं घर खांद्यावर उचलून हलवण्यापर्यंत. आपली इर्जिकच, फक्त शेताऐवजी घर!

पंचवटीकर: जोर 'या'वर, 'ब' आखूड. 'बायानी' लिहू नका, नाशकात सगळे 'बायांनी' वाचतील. पूर्ण नाव लिहिणार असाल तर मधे वडिलांचं नाव घालू नका. तिथे मधलं नाव म्हणजे आईचं माहेरचं आडनाव. शेवटी वडिलांचं आडनाव.

नाशिकरोडकर: बरं झालं, मी वडिलांचंच घालणार होतो.